वळिवड्याची छावणी आणि परराष्ट्रांचें राजकारण



कोल्हापुराहून मिरजेकडे जाणारी आगगाडी रुकडी गांठण्यापूर्वीं वळिवडें नांवाच्या लहानशा स्टेशनावरून जाते. तेथून जवळच गांधीनगर ही मोठी व्यापारी वसाहत आहे. लग्नसराईंत कापड घेण्याकरितां कोल्हापूर-सांगलीकडील किती तरी कुटुंबें तेथें जातात, आणि दुकानांतून कानावर पडणारी सिंधी बोली ऐकून हे लोक इकडे केव्हां आले असा प्रश्न एखाद्या चौकस माणसाला पडतो. परंतु या सिंधी बांधवांच्याहि आधीं, १९४३ पासून १९४८ पर्यंत, याच जागेवर सुमारें पांच हजार पोलिश लोक राहून गेले, आणि त्यांत बहुतेक बायका व मुलेंच होतीं, हें बाहेरगांवच्या फारच थोड्यांना ठाऊक असतें.

कोल्हापुरांत मात्र ही गोष्ट लोक विसरलेले नाहींत. कोणासहि विचारा, उत्तर ठरलेलें असतें: महायुद्धांत देशोधडीला लागलेल्या पोलिश लोकांना आपल्या महाराजांनीं आसरा दिला. उत्तर अभिमानाचें आहे, आणि तें अगदींच निराधार आहे असेंहि नाहीं. पण इतिहासाच्या अभ्यासकाला येथें थबकावें लागतें. राजाराममहाराज १९४० च्या नोव्हेंबरांत निवर्तले. १९४३ सालीं गादीवर त्यांचे दत्तक पुत्र होते, आणि त्यांचें वय दोन वर्षांचेंहि पुरें नव्हतें. राज्याचा कारभार महाराणी ताराबाईसाहेब यांच्या रीजन्सीकडे होता. शिवाय परराष्ट्रांशीं स्वतःच्या अधिकारांत व्यवहार करण्याची मुभा या दरबारला कधींच उरली नव्हती. इंग्रजांच्या संमतीवांचून दुसऱ्या सत्तेशीं युद्ध न करण्याचें बंधन कोल्हापूरकरांनीं १८१२ च्या तहानें पत्करलें, आणि पुढील सव्वाशें वर्षांत दरबारचें बाहेरच्या जगाशीं असलेलें सर्व दळणवळण रेसिडेंटाच्या कचेरींतून होऊं लागलें. अशा संस्थानाच्या हद्दींत एका परक्या राष्ट्राचें गांवच्या गांव येऊन वसलें, तें कोणाच्या शब्दानें आणि कोणाच्या पैशानें, हा खरा प्रश्न आहे.

या प्रश्नाचा कागदोपत्रीं शोध घेण्याचें श्रेय अनुराधा भट्टाचार्जी यांना द्यावें लागेल. ‘द सेकंड होमलँड’ हा त्यांचा इंग्रजी ग्रंथ २०१२ मध्यें प्रसिद्ध झाला. सरकारी दप्तरांतील टिपणें व तारा एका बाजूस, आणि छावणींत वाढून आतां वृद्ध झालेल्या माणसांच्या आठवणी दुसऱ्या बाजूस, अशी दोन साधनें त्यांनीं एकमेकांस ताडून पाहिलीं. त्यापूर्वीं, २००० सालीं, छावणींतील जुन्या रहिवाशांनींच लंडनमध्यें आपल्या हकीकतींचा एक जाडजूड पोलिश ग्रंथ काढला होता. त्यांत जिव्हाळा विपुल आहे. परंतु आपल्याला कोणी, कां आणि कोणत्या हिशोबानें येथें ठेवलें हें त्या काळच्या लहान मुलाला कसें कळावें? तें कळण्यासाठीं मंत्रालयांचीं दप्तरेंच उघडावीं लागतात.

निर्वासितांचा इतिहास हा अर्धाअधिक परराष्ट्रनीतीचा इतिहास असतो, ही गोष्ट आपल्याकडे अजून पुरेशी रुजलेली नाहीं. म्हणून दूरचें एक उदाहरण देतों. तें साखरेचें आहे, तेव्हां कोल्हापूरकरांना परकें वाटूं नये. कागल तालुक्यांतील बिद्रीचें नांव निघालें कीं साखर कारखाना डोळ्यांपुढें येतो, आणि कारखान्यामागून हंगामांत बीडकडून येणारे ऊसतोडकरी. उंसाचा स्वभावच असा आहे कीं, त्याला मजूर दूरचा लागतो. हवाई बेटांतील गोऱ्या मळेवाल्यांनीं तो प्रथम चीनमधून आणला, मग जपानमधून. पुढें जपानी मजुरांची संख्या फार झाली व ते संपाची भाषा बोलूं लागले, तेव्हां त्यांना तोड म्हणून मळेवाल्यांनीं कोरियाकडे पाहिलें. १९०३ च्या १३ जानेवारीस शंभरांवर कोरियन माणसें घेऊन ‘गेलिक’ नांवाचें जहाज होनोलुलुस लागलें. पुढील अडीच वर्षांत सुमारें सात हजार कोरियन तेथें गेले, आणि १९०५ मध्यें हा ओघ एकाएकीं बंद पडला.

तो कां बंद पडला? केवळ मळ्यांच्या हिशोबाच्या वह्या पाहून याचें उत्तर मिळत नाहीं. वेन पॅटर्सन या अमेरिकन इतिहासकारानें १९८८ मध्यें या स्थलांतरावर जो ग्रंथ लिहिला, त्याचें मोल यांतच आहे कीं, त्यानें मजुराच्या गांठोड्यामागें उभे असलेले तीन दरबार दाखवून दिले. कोरियांतील अमेरिकेचा वकील होरेस ॲलन हा मूळचा मिशनरी डॉक्टर. त्यानें कोरियाच्या सम्राटाचें मन वळविलें. मजुरांना आगाऊ भाडें देऊन आणणें अमेरिकन कायद्यानें निषिद्ध होतें. म्हणून ॲलनचा स्नेही डेश्लर यानें एक पेढी काढून भाड्याची रक्कम ‘कर्ज’ म्हणून देण्याची युक्ति योजिली. आणि शेवट केला जपाननें. कोरियन मजुरांमुळें हवाईंतील जपान्यांची मजुरी उतरली, तर ते कॅलिफोर्नियाकडे वळतील, आणि मग चिनी लोकांप्रमाणें जपान्यांवरहि अमेरिका दार लावून घेईल, ही तोकियोची धास्ती होती. रशियाशीं चाललेल्या युद्धामुळें कोरियांत जपानचें वजन वाढलें होतेंच. त्या वजनाखालीं स्थलांतर थांबलें. त्याच वर्षाच्या नोव्हेंबरांत जपाननें कोरियाचे परराष्ट्रव्यवहार स्वतःकडे घेतले. हवाईंतील कोरियन मजूर सकाळीं उंसांत गेला तो एका देशाचा प्रजाजन म्हणून, आणि कांहीं काळानें त्याला सांगण्यांत आलें कीं, यापुढें तुझा वकील म्हणजे जपानचा वकील. तें त्यानें मानलें नाहीं, ही पुढची मोठी कथा आहे. आज आपल्याला त्यांतील एवढाच धागा हवा आहे: घरापासून हजारों मैलांवर असतांना मागचें सरकारच नाहींसें झालें, म्हणजे माणसाचें काय होतें?

वळिवड्याच्या छावणींत हीच गोष्ट घडली.

१९३९ च्या सप्टेंबरांत पोलंडवर पश्चिमेकडून जर्मनीचा आणि पूर्वेकडून सोव्हिएट रशियाचा असे दोन घाले पडले. पूर्व पोलंड रशियाच्या हातीं गेल्यावर १९४० च्या फेब्रुवारीपासून १९४१ च्या जूनपर्यंत चार खेपांनीं तेथील कुटुंबेंच्या कुटुंबें मालगाड्यांत भरून सायबेरिया, कझाकस्तान व उत्तरेकडील अरण्यांत नेण्यांत आलीं. त्यांची संख्या किती, याविषयीं मोठा वाद आहे. परदेशीं राहिलेले पोलिश लेखक ती दहा लाखांच्या पुढें धरीत. सोव्हिएट दप्तरें खुलीं झाल्यावर ती सव्वातीन लाखांच्या आसपास दिसूं लागली. पुढें हिटलर रशियावर उलटला, आणि कालचे शत्रु आज दोस्त झाले. १९४१ च्या ३० जुलैला लंडनमधील पोलिश सरकार व रशिया यांच्यांत करार झाला. त्यान्वयें या हद्दपार लोकांना ‘माफी’ मिळाली. माफी कोणत्या गुन्ह्याची, हें कोणींच विचारलें नाहीं. त्यांच्यांतून जनरल अँडर्स यांनीं सैन्य उभें केलें, आणि १९४२ मध्यें तें सैन्य कास्पियन समुद्र ओलांडून इराणांत उतरलें. सैन्याच्या पाठोपाठ उपाशी, तापानें फणफणलेलीं बायकामुलेंहि आलीं. लाखाहून अधिक माणसें बाहेर पडलीं, त्यांत जवळजवळ तिसरा हिस्सा असैनिकांचा होता.

इतक्या लोकांना ठेवून घेण्याची इराणची ऐपत नव्हती. ब्रिटिशांनीं मग साम्राज्याच्या नकाशावर बोट फिरविलें: कांहीं पूर्व आफ्रिकेंत, कांहीं न्यूझीलंडांत, कांहीं हिंदुस्थानांत. येथें दोन वेगळ्या प्रसंगांची गल्लत नेहमीं होते, आणि भट्टाचार्जींच्या ग्रंथानें ती गल्लत दूर केली आहे. जामनगरजवळ बालाचडी येथें जामसाहेब दिग्विजयसिंहजी यांनीं अनाथ पोलिश मुलांसाठीं जें वसतिस्थान उघडलें, तें १९४२ चें. त्याचा खर्च प्रामुख्यानें देशी संस्थानिक व धनिक यांनीं उभारलेल्या निधींतून चालला. तें खरें आतिथ्य होतें. वळिवड्याची छावणी १९४३ ची. ती युद्ध संपेपर्यंत राहावयाला आलेल्या कुटुंबांसाठीं होती, आणि तिचा खर्च लंडनमधील पोलिश सरकारच्या खात्यावर पडत होता. त्या सरकारचा खजिना ब्रिटिश कर्जावर चाले ही गोष्ट निराळी. पण हिशोबाच्या दृष्टीनें हे लोक कोल्हापूरचे आश्रित नव्हते. ते आपला खर्च आपल्या सरकारकडून घेऊन राहणारे पाहुणे होते. यांत कोल्हापूरचा कमीपणा कांहींच नाहीं. दरबारनें जागा दिली, शहरानें माणुसकी दाखविली. पण दोन ठिकाणचें श्रेय एका गाठोड्यांत बांधूं नये.

आतां कालाकडे लक्ष द्या. १९४३ च्या एप्रिलमध्यें कातिन येथील अरण्यांत हजारों पोलिश अधिकाऱ्यांचीं प्रेतें सांपडल्याची बातमी जर्मनांनीं जगजाहीर केली. पोलिश सरकारनें चौकशीची मागणी करतांच, २५ एप्रिलला रशियानें त्या सरकारशीं संबंध तोडले. आणि त्याच वर्षाच्या पावसाळ्याच्या सुमारास वळिवड्याच्या बराकी भरूं लागल्या! इराणांतून कराचीस, कराचीजवळच्या तात्पुरत्या तळांवरून कोल्हापुरास, असा ज्यांचा प्रवास झाला, त्या प्रत्येक बाईच्या जवळ सायबेरियाची हकीकत होती. आणि ती हकीकत ब्रिटिशांच्या सर्वांत मोठ्या दोस्ताला अडचणीची होती. अशा माणसांना लंडन-दिल्लीपासून दूर, लहानशा संस्थानच्या माळावर ठेवणें सरकारला सोयीचें गेलें असलें पाहिजे, असें मला वाटतें. कोल्हापूरची हवा चांगली होती, पाणी मुबलक होतें, रेल्वे दारांत होती, हीं कारणें होतींच. पण जागा निवडतांना कारकून हवेचा उल्लेख करतो, मुत्सद्दी बाकीचें मनांत ठेवतो.

राजकारण बाजूस ठेवून क्षणभर छावणींत डोकावूं. पंचगंगेच्या अंगच्या या माळावर लांबच लांब बराकींच्या ओळी उभ्या राहिल्या. प्रत्येक कुटुंबाला राहावयाची जागा, पुढें ओसरी आणि स्वतःचा स्वयंपाक. रशियांत वर्षानुवर्षें रांगेंत उभें राहून पातळ सुपाचें भांडें घेतलेल्या गृहिणीला आपली चूल म्हणजे काय वाटलें असेल, हें ज्यांनीं घर चालविलें आहे त्यांनाच कळेल. बालवर्गापासून वरच्या परीक्षांपर्यंत शाळा, प्रार्थनामंदिर, इस्पितळ, नाटकाची रंगभूमि, बालवीर व वीरबालांचीं पथकें, असें एक संबंध पोलिश गांवच तेथें नांदूं लागलें. अशक्त व क्षयाची भीति असलेलीं मुलें पांचगणीस हवा पालटण्यास पाठवीत. मुंबईस पोलिश वकिलात होती. वकील बानासिन्स्की आणि त्यांच्या पत्नी किरा बानासिन्स्का हीं दोघें या सर्व व्यवस्थेचा कणा. किराबाई रेडक्रॉसच्या वतीनें काम पाहत. त्या पुढें हिंदुस्थानांतच राहिल्या.

याच काळांत वांदा दिनोव्स्का या विदुषी वळिवड्याच्या तरुण मुलींना भारतीय धर्म व साहित्य यांची ओळख करून देत होत्या. गांधीजींच्या सहवासांत त्यांना ‘उमादेवी’ हें नांव मिळालें होतें. त्यांचे सहकारी मॉरिस फ्रिडमन हेहि मूळचे पोलंडचेच. आपल्या औंध संस्थानांत १९३९ मध्यें जी लोकसत्ताक घटना आली, तिच्या सिद्धतेंत या फ्रिडमन यांचा हात होता, आणि पुढें निसर्गदत्त महाराजांचीं मराठी संभाषणें इंग्रजींत नेऊन त्यांनींच तीं जगापुढें मांडलीं. दोघांनीं १९४४ मध्यें ‘पोलिश-भारतीय ग्रंथमाला’ सुरू केली. हा विषय स्वतंत्र भाषणाचा आहे, मोह आवरतों.

छावणींत पुरुष फार थोडे होते. ते कोठें होते? इटलींत. अँडर्स यांचें सैन्य १९४४ च्या मे महिन्यांत माँटे कासिनोच्या टेकडीवर चढलें, आणि तेथें पडलेल्या कित्येकांच्या घरचीं माणसें इकडे आफ्रिकेच्या व हिंदुस्थानच्या छावण्यांतून टपालाची वाट पाहत होतीं. याच इटलींत आपले मराठेहि लढत होते. यशवंत घाडगे यांना वरच्या टायबर खोऱ्यांत जुलै १९४४ मध्यें वीरमरण आलें व व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. ९ एप्रिल १९४५ रोजीं सेनियो नदीवर नामदेव जाधव यांनीं तोच सन्मान मिळविला, आणि त्याच दिवशीं त्याच आघाडीवर शेजारीं पोलिश सैन्याची चढाई चालू होती. म्हणजे पोलंडच्या सैनिकांचीं मुलें मराठी मुलखांत वाढत होतीं, आणि मराठी मुलखाचे जवान त्यांच्या बापांच्या खांद्याला खांदा लावून इटलींतील नद्या ओलांडीत होते. इतिहासाच्या पुस्तकांत ह्या दोन हकीकती निरनिराळ्या प्रकरणांत छापल्या जातात.

युद्ध जिंकलें गेलें, पण वळिवड्याच्या रहिवाशांना विजय लाभला नाहीं. १९४५ च्या फेब्रुवारींत याल्टा येथें तीन बड्यांनीं पोलंडची पूर्व सरहद्द ठरविली. ती सरहद्द ज्या कर्झन रेषेच्या अनुरोधानें आंखली, तिला आपल्याच माजी व्हाइसरॉयाचें नांव आहे. या रेषेच्या पूर्वेकडील मुलूख रशियास गेला, आणि वळिवड्याचे बहुसंख्य लोक त्याच मुलखांतले. जुलैच्या पहिल्या आठवड्यांत ब्रिटननें लंडनमधील पोलिश सरकारची मान्यता काढून वार्सातील नव्या सरकारला दिली. एका रात्रींत मुंबईच्या वकिलातीचा अधिकार संपला. छावणीचा खर्च ज्या खात्यावर पडत होता तें खातेंच बुडालें. घर गेलें, घर ज्या देशांत होतें तो देश सरकला, आणि आपली बाजू मांडणारा वकीलहि उरला नाहीं. चाळीस वर्षांपूर्वीं हवाईंतील कोरियन मजुरावर जो प्रसंग आला, तोच हा. फरक एवढाच कीं, कोरियन मजुराच्या हातांत निदान कोयता आणि मजुरी होती. येथें विधवा व पोरकीं मुलें होतीं.

यानंतर छावणी कांहीं काळ संयुक्त राष्ट्रांच्या मदत व पुनर्वसन संस्थेकडे, आणि १९४७ पासून आंतरराष्ट्रीय निर्वासित संघटनेकडे गेली. नव्या वार्सा सरकारचें म्हणणें होतें कीं, सर्वांनीं मायदेशीं परत यावें. परंतु मायदेश म्हणजे कोणता? बालाचडीच्या अनाथ मुलांना तिकडे पाठविण्याचा प्रश्न आला, तेव्हां जामसाहेबांनीं इतर दोघांच्या बरोबरीनें त्यांचें पालकत्व कायदेशीरपणें स्वीकारून त्यांस जबरीनें परत पाठविण्याची वाट बंद केली, असें भट्टाचार्जी दाखवितात. आतिथ्य आणि परराष्ट्रनीति एकाच कागदावर उतरलीं तीं येथें. बालाचडी १९४६ मध्यें बंद होऊन तेथील मुलें वळिवड्यास आलीं. छावणी रिकामी होण्यास आणखी दीडेक वर्ष लागलें. सैनिकांचीं कुटुंबें १९४७ च्या नव्या कायद्याच्या आधारें इंग्लंडास गेलीं. कोणी ऑस्ट्रेलियास, कोणी आफ्रिकेस, कांहीं थोडे पोलंडास. ज्यांना कोठेंच जावयाचें नव्हतें ते कोल्हापूरच्या ख्रिस्ती दफनभूमींत राहिले.

१९४८ च्या आरंभीं शेवटचे पोलिश रहिवासी निघून गेले, आणि बराकी रिकाम्या पडल्या. फार दिवस नाहीं. कर्झनच्या रेषेनें काढलेलीं माणसें गेलीं, तोंच रॅडक्लिफच्या रेषेनें काढलेलीं माणसें दारांत उभीं होतीं. कराचीवरून पोलिश आले होते. सिंधी निर्वासितहि कराचीकडूनच आले. त्यांना याच बराकींत जागा मिळाली आणि वसाहतीला गांधीजींचें नांव मिळालें. एक फरक मात्र मोठा होता: सिंधी माणसाच्या पाठीशीं एक सरकार होतें व तो त्या सरकारचा नागरिक होता; म्हणून तो येथेंच थांबूं शकला आणि त्याच्या पुढच्या पिढ्यांनीं बाजारपेठ उभी केली.

संस्थान १९४९ च्या मार्चमध्यें मुंबई प्रांतांत विलीन झालें. पोलंडांत १९८९ मध्यें राज्यव्यवस्था पालटली, तेव्हां कोठें वळिवड्याच्या मुलांना, आतां केस पिकलेल्या मुलांना, आपल्या बालपणाविषयीं मायदेशीं उघडपणें बोलतां आलें. सायबेरियाचा उल्लेख तोंवर तेथें चालत नव्हता. १९९८ मध्यें त्यांनीं कोल्हापुरास येऊन महावीर उद्यानांत कृतज्ञतेचा स्तंभ उभारला. २०२४ च्या ऑगस्टमध्यें भारताचे पंतप्रधान वार्सास गेले, तेव्हां तेथील कोल्हापूर-स्मारकावर त्यांनीं फुलें वाहिलीं. वार्साच्या त्या शिळेवर वळिवडें हें नांव कोरलेलें आहे, आणि शेजारींच माँटे कासिनोचें स्मारक आहे.